स्वतंत्र सिनेमाचं पार्श्वसंगीत करावं की मालिका-जाहिराती?

पोटापाण्याचाच प्रश्न असेल तर मालिका आणि जाहिराती घ्या. तिथे पैसा नियमित येतो आणि हात लवकर तयार होतो. मात्र मालिकेचं काम कसं चालतं ते आधी समजून घ्या. शीर्षकगीत झालं की आनंद, दुःख, कटकारस्थान, ताण अशा भावांचे तुकडे करून द्यायचे, मग रोजच्या भागावर ते दुसरंच कोणीतरी चढवतं. आपली धून कुठल्या प्रसंगाखाली वाजली, हे संगीतकाराला अनेकदा टीव्हीवरच कळतं.

स्वतंत्र सिनेमात, म्हणजे मोठ्या स्टुडिओच्या पाठबळाशिवाय केलेल्या सिनेमात, दिग्दर्शक रफ कट (संकलनाचा कच्चा खर्डा) घेऊन बसतो, शेजारी सिनेमातले आवाज रचणारा साउंड डिझायनर. संगीत कुठे सुरू करायचं याच्या दुप्पट चर्चा ते कुठे नको यावर होते. सिंक साउंडमध्ये, म्हणजे चित्रीकरणाच्या वेळीच टिपलेल्या आवाजात, पाऊस असतो, लांबून जाणारी एसटी असते. त्यावर व्हायोलिन घातलं की प्रसंग गुदमरतो. सात मिनिटं काहीच न वाजवता आठव्या मिनिटाला एक सूर लावण्याची मुभा मला दुसऱ्या कुठल्याच कामात दिसत नाही.

नाव मिळण्याचं गणितही वेगळं आहे. नागराज मंजुळे यांच्या ‘फँड्री’चं (2013) पार्श्वसंगीत अलोकनंदा दासगुप्ता यांचं, अजय-अतुल यांचं गाजलेलं गाणं प्रसिद्धीसाठी होतं, ते सिनेमात नाही. ‘सैराट’च्या (2016) गाण्यांतला मोठा वाद्यवृंद अजय-अतुल यांनी अमेरिकेत सोनीच्या ध्वनिमुद्रण स्टुडिओत रेकॉर्ड केला आणि ती गाणी गावोगाव वाजली. पार्श्वसंगीतकाराचं नाव असं घरोघरी जात नाही, ते दिग्दर्शकांच्या कानावर जातं. अलोकनंदा यांनी पुढे दिग्दर्शक विक्रमादित्य मोटवाने यांच्यासोबत ‘ट्रॅप्ड’ हा सिनेमा केला, ‘सेक्रेड गेम्स’ ही वेबमालिका केली, ‘ज्युबिली’ ही वेबमालिकाही केली. एक दिग्दर्शक पुन्हा पुन्हा बोलावतो, हीच या वाटेवरची बढती.

पैशाची बाजू खरंच कठीण आहे. बहुतेकदा ‘पॅकेज’ ठरतं: एकरकमी आकडा, त्यातच वादक, स्टुडिओ, मिक्स (ध्वनिमिश्रण) आणि उरलं तर तुमचं मानधन. एडिट लॉक होण्याआधी, म्हणजे संकलन पक्कं होण्याआधी, संगीत करू नका. नंतर बारा फ्रेम कापल्या तरी अर्ध्या सेकंदाने सगळं सरकतं आणि वादकांना पुन्हा बोलावण्याचा खर्च तुमच्याच खिशातून जातो. किती बदल फुकट, हे करारात लिहून घ्या.

‘सगळे हक्क निर्मात्याचे’ असं कलम दिसलं तरी 2012 च्या कॉपीराइट दुरुस्तीनुसार चित्रपटगृहाबाहेरच्या वापरावरच्या रॉयल्टीतला तुमचा समान वाटा तुम्ही निर्मात्याला देऊन टाकू शकत नाही. त्यासाठी आयपीआरएसचं (गीतकार-संगीतकारांची रॉयल्टी गोळा करणारी संस्था) सभासदत्व घ्या, कामाची नोंदणी करा आणि क्यू शीट (कुठलं संगीत कुठे, किती वेळ वाजलं याची यादी) स्वतः भरा. छोट्या निर्मात्याकडे हे बघायला माणूसच नसतो.

माझं मत विचाराल तर पहिली काही वर्षं घरभाडं जाहिरातींतून काढा आणि वर्षाला एकच स्वतंत्र सिनेमा घ्या. तोही पटकथा वाचून, दिग्दर्शकासोबत बसून.