खरनाकचा तंबू की लेहजवळचं घर?
लडाखच्या चांगथांग पठारावर, चार हजार मीटरच्याही वर, खरनाकचे चांगपा पशुपालक याकच्या केसांच्या ‘रेबो’ तंबूत राहत आले. चुलीचा धूर माथ्यावरच्या फटीतून निघून जातो. तंबू गुंडाळला की बिऱ्हाड पुढच्या कुरणाकडे. पूर्वी याकच्या पाठीवर, आता बहुधा गाडीत. शेळ्यांच्या अंगावर पश्मिना ही तलम लोकर धरते ती तिथल्या थंडीमुळेच, पण उणे 30 अंशांत माणसाची बोटं बधिर होतात.

दुसरी वाट लेहजवळच्या खरनाकलिंग वस्तीची. शाळा, दवाखाना हाताशी, पोटासाठी मजुरी. मुलांसाठी खाली उतरलेल्यांना मी कधीच नावं ठेवणार नाही. तरी माझ्या लेखी पारडं तंबूचंच जड, मात्र शाळा कुरणापर्यंत पोहोचली तरच. शेळ्या राखायला तरुण हात आत्ताच कमी पडताहेत.