लार्च बोन्साय ठाण्यात मागवलं, सोळा महिन्यांचा अनुभव (२ स्टार)

आधीच सांगते, हा रिव्ह्यू लांब आहे कारण हे झाड मी सोळा महिने सांभाळलंय आणि मागवायच्या आधी मला कोणी हे सगळं सांगितलं असतं तर बरं झालं असतं. कंपनीचं नाव लिहीत नाही, ऑनलाइन झाडं विकणारी आहे, माल डोंगराकडच्या कुठल्यातरी नर्सरीतून येतो. किंमत २४५० अधिक डिलिव्हरी १५०. आम्ही राहतो मानपाड्याजवळ, सहावा मजला, बाल्कनीतून येऊरचा डोंगर समोर दिसतो.

सुरुवात झाली सिक्कीमपासून. २०२२ च्या दिवाळीनंतर आम्ही लाचेन-लाचुंगच्या बाजूला गेलो होतो, तिथे वर चढताना फरच्या काळपट हिरव्या जंगलात मधेच हळदीसारखी पिवळीधम्मक झाडं उभी, मला वाटलं रोग पडलाय किंवा वाळलीयेत. ड्रायव्हर म्हणाला, पाईनसारखंच आहे मॅडम, पण पत्ता गिराता है. माझं डोकं तिथेच अडकलं, कारण आपण भूगोलात काय शिकलो, सूचिपर्णी म्हणजे सदाहरित, तैगाची जंगलं, सुईसारखी पानं, बर्फ घसरून पडतो, वर्षभर हिरवी. आणि हे समोरचं झाड सूचिपर्णी असून सागासारखी सगळी पानं गाळून मोकळं होणार होतं. लार्च. हिमालयातल्या या जातीला ग्रिफिथ नावाच्या वनस्पतिशास्त्रज्ञाच्या नावाने लॅरिक्स ग्रिफिथी म्हणतात, पूर्व नेपाळ सिक्कीम भूतान अरुणाचल आणि लागूनचा तिबेट एवढ्याच पट्ट्यात, साधारण तीन ते चार हजार मीटरवर. फांद्या खाली लोंबतात, शंकू (पाईनला असतात तसे कोन) बोटाएवढे लांब, उभे. मी तिथे अर्धा तास नुसती बघत उभी होते, आमचे हे गाडीत बसून हॉर्न वाजवायला लावत होते.

घरी आल्यावर सर्च केलं तर हे बोन्साय दिसलं. जपानी लार्च, लॅरिक्स केम्पफेरी, जपानमध्ये याला कारामात्सु म्हणतात आणि बोन्सायवाल्यांचं हे खरंच आवडतं झाड आहे. साइटवर लिहिलेलं: सदाहरित बोन्साय, इनडोअर, एसी रूममध्ये चालेल, संपूर्ण भारतात डिलिव्हरी. फोटोत हिरवंगार. आता त्यातला 'सदाहरित' हा एकच शब्द बघितला तरी कळतं की लिहिणाऱ्याला झाड माहीत नाही, पण मी तेव्हा म्हटलं छापताना चूक झाली असेल.

पॅकिंगला मात्र पूर्ण मार्क. डिसेंबरच्या पहिल्या आठवड्यात आलं, सहा दिवसांचा प्रवास, तरी कुंडीला एक टवका गेलेला नाही, माती वर मॉस लावून दोऱ्याने बांधलेली, खोडाला पुठ्ठ्याचा आधार, ओलावा टिकलेला. कुंडी आठ इंची सिरॅमिक, चांगल्या दर्जाची. झाड चौदा इंच. आणि त्यावर एकही पान नाही. खोक्याच्या तळाशी मूठभर पिवळ्या सुया, बाकी नुसत्या काड्या, काड्यांवर बारक्या बारक्या गाठी.

आई म्हणाली, अगं मेलेलं पाठवलंय, परत कर. मी फोटो काढून कस्टमर केअरला चॅटवर टाकले आणि तिकडून दहा मिनिटांत उत्तर, सॉरी मॅम, प्लांट डॅमेज झालंय, ते फेकून द्या, आम्ही रिप्लेसमेंट पाठवतो. म्हणजे लार्च विकणाऱ्या कंपनीने हिवाळ्यात पानं गाळलेल्या लार्चला मेलेलं ठरवलं. नशीब मला सिक्कीमचं आठवलं. नखाने साल अगदी हलकी खरवडली तर आत ओली हिरवी रेघ. जिवंत होतं, चांगलं जिवंत. मी रिप्लेसमेंट नको म्हणून कळवलं. ज्यांच्याकडे हिवाळ्यात असं झाड येईल त्यांनी प्लीज खरवडून बघितल्याशिवाय टाकू नका, किती जणांनी जिवंत झाडं कचऱ्यात टाकली असतील देव जाणे.

मग बसून वाचलं की हे झाड असं का करतं, आणि यातच मला सगळ्यात जास्त आनंद मिळाला. आपला येऊरचा साग, पांगारा, काटेसावर पानं का गाळतात, तर पावसाळा संपला की जमिनीत पाणी कमी होत जातं, आणि पान म्हणजे पाणी उडून जायची खिडकी, म्हणून खिडक्या बंद. लार्चचंही तेच. तिथे हिवाळ्यात बर्फ भरपूर पण जमीन गोठलेली, मुळांना प्यायला पाणी नाही, म्हणजे थंडीतला दुष्काळच. बाकीच्या पाईन-फरनी त्याच्यावर जाड मेणचट सुया हा उपाय काढला, एकदा केल्या की दोन-चार-सहा वर्षं वापरायच्या. लार्च दरवर्षी पातळ, मऊ, स्वस्तातल्या सुया करतं, उन्हाळाभर भरपूर अन्न बनवून घेतं आणि शरदात त्या सुयांमधला नायट्रोजन आधी खोडात ओढून घेतं मग गाळतं. हिरवा रंग मोडला की मागे पिवळा उरतो, तीच ती हळद. पान नसल्यामुळे बर्फाचं ओझंही फांद्यांवर कमी.

आणि हा उपाय किती जबरदस्त आहे बघा, जगात सगळ्यात उत्तरेला उगवणारं जे झाड आहे ते लार्चच, सायबेरियाच्या तैमीर भागात ७२ अंश उत्तरेच्याही वर, जिथे जमीन कायमची गोठलेली आणि उन्हाळ्यात फक्त वरचा थोडा थर सुटतो. पूर्व सायबेरियात उणे ६० खाली जातं तिथे सदाहरित झाडं मागे पडतात आणि हे पानझडी उभं असतं. रशियात सगळ्यात जास्त जमीन व्यापणारं झाड हेच. भूगोलाच्या पुस्तकातल्या तैगाचा एवढा मोठा भाग हिवाळ्यात निष्पर्ण असतो हे आपल्याला कोणी सांगितलंच नाही. सूचिपर्णींमध्ये अशी पानं गाळणारी मोजून पाच-सहा नावं, लार्च, चीनचा सोनेरी लार्च, टॅक्सोडियम, ग्लिप्टोस्ट्रोबस आणि ते मेटासिक्वोया, जे आधी फक्त जीवाश्मात माहीत होतं आणि १९४० च्या दशकात चीनमध्ये जिवंत सापडलं.

लाकूडही राळेने भरलेलं, पाण्यात लवकर कुजत नाही, व्हेनिसच्या इमारतींखाली जे खुंट ठोकलेत त्यात ओकबरोबर लार्चसुद्धा आहे. असो, झाडाकडे येते.

फेब्रुवारीच्या सुरुवातीला एके सकाळी त्या गाठींवर पोपटी ठिपके. लार्चची गंमत ही की नवीन लांब फांदीवर सुया एकेकट्या लागतात, पण जुन्या फांदीवरच्या प्रत्येक गाठीतून वीस-तीस-चाळीस सुयांचा झुपका एकदम उघडतो, दाढीच्या ब्रशसारखा. आणि इतका मऊ! आपल्याकडे ख्रिसमस ट्री म्हणून जे अरौकारिया विकतात त्याला हात लावला तर टोचतं, हे गालावरून फिरवावं असं. आई रोज सकाळी चहा घेऊन तिथे उभी. पण एक गोष्ट तेव्हा कळली नाही ती नंतर कळली, अर्ध्याच गाठी उघडल्या होत्या, वरच्या, बाकीच्या तशाच बंद. झाडाला पुरेशी थंडी मिळायच्या आधीच त्याला खोक्यात भरून ठाण्याला पाठवलेलं. या झाडांना झोपेतून नीट उठायला आठवडेच्या आठवडे पाच-सात अंशांच्या आसपास किंवा खालची थंडी लागते, ती मोजूनमापून झाली की मगच कळ्या एकसाथ फुटतात, नाहीतर असं अर्धवट.

मार्चपासून हाल सुरू. लार्चला ऊन भरपूर लागतं, सावली याला अजिबात चालत नाही, त्यामुळे इनडोअर हे सरळ सरळ चुकीचं. पण आमच्या पश्चिमेच्या बाल्कनीतलं दुपारचं ऊन म्हणजे ३८-३९, फरशी तापलेली, सुयांची टोकं तपकिरी व्हायला लागली. ग्रीन नेट लावली, कुंडीखाली ओल्या रेतीचा ट्रे ठेवला, सकाळी बाहेर उजेडात ठेवायचं आणि अकरानंतर आत, ऑफिसला जायचे दिवस असतील तेव्हा आई सरकवायची. कंपनीला विचारलं तर एसीत ठेवा म्हणे. एसी २४ वर असतो, २४ म्हणजे या झाडाच्या दृष्टीने भर उन्हाळा, आणि उजेड नाही तो वेगळाच. पावसाळ्यात जरा सावरलं, नवीन सुया आल्या, ऑगस्टमध्ये तर छान दिसत होतं, मला वाटलं जमलं.

खरी अडचण हिवाळ्यात आली आणि हेच सगळ्यांनी वाचावं म्हणून लिहितेय. ठाण्याचा सगळ्यात लहान दिवस ११ तासांचा आणि सगळ्यात मोठा १३ तासांच्या थोडा वर, म्हणजे झाडाला दिवस लहान होतोय हे धड कळतच नाही. रात्री डिसेंबरातही १८-२०, एखाद्या दिवशी १५. हिवाळा आलाय हा निरोपच पोचत नाही. सिक्कीममध्ये नोव्हेंबरातच सगळी हळद झालेली, आणि माझं झाड डिसेंबर संपला तरी अर्धं हिरवं, अर्धं मळकट, झोपही नाही आणि जागही नाही. माणसाला महिनोन्महिने झोपू दिलं नाही तर त्याचं जे होईल ते त्याचं होत होतं.

मी घोडबंदर रोडच्या एका नर्सरीत कुंडी घेऊनच गेले. तिथले काका वीसेक वर्षं हेच करतायत. त्यांनी झाड फिरवून फिरवून बघितलं, सुया बोटात घेतल्या, म्हणाले, 'ताई, झाड फार सुंदर आहे, पण मी हे विकायला ठेवत नाही. इकडे पहिलं वर्ष काढतं, दुसरं ओढतं, तिसरं बघत नाही. गिऱ्हाईकाने पैसे दिले म्हणून काय झालं, रोज बघायचं तर त्यांनाच ना.' पैसे घेतले नाहीत, काही खपवायला बघितलं नाही. त्या नर्सरीला माझे पाच स्टार, हे इथे लिहिलंच पाहिजे.

शेवटचा उपाय म्हणून फ्रिज. गरम प्रदेशातले काही बोन्सायवाले हे करतात. जानेवारीत पाणी कमी केलं, थंड कोपऱ्यात ठेवलं, सुया पिवळ्या पडून गळल्या तशी कुंडीला भोकं पाडलेली पिशवी बांधून खालच्या कप्प्यात, ४ अंशांवर, सहा आठवडे. आई आधी म्हणाली मी भाजी कुठे ठेवू, आणि मग तिनेच भाजीचा ट्रे काढून जागा केली. दर चार दिवसांनी मॉस ओलं आहे का बघायची. शेजारच्या काकूंना सांगायची, झोपलंय ते, दार जोरात लावू नका.

फेब्रुवारीच्या शेवटी बाहेर काढलं. तीन गाठी फुटल्या. तीनच. त्याही बारक्या, फिकट. झाडात साठवलेलं काही उरलंच नव्हतं. मग एप्रिल २०२४ च्या मध्यावर जी उष्णतेची लाट आली त्या आठवड्यात तेही झुपके वाळले. मी नखाने साल खरवडली, वर, मधे, अगदी बुंध्याशी. सगळीकडे तपकिरी. आई जवळ उभी होती, ती काही बोलली नाही, आत गेली. मला खूप वाईट वाटलं, अजून वाटतं.

कंपनीला लिहिलं तर उत्तर, रिटर्न सात दिवसांत असतो मॅम, आणि वर पाणी जास्त झालं असेल. मी पैसे मागितलेच नव्हते, मी फक्त म्हटलं होतं की साइटवरची माहिती दुरुस्त करा. परवा बघितलं तर अजूनही सदाहरित, इनडोअर.

तर ठाणे, मुंबई, नवी मुंबई, पनवेल, कोकण, इथल्या कोणी लार्च घेऊ नका, बियांचं किटसुद्धा नको, बी फ्रिजमध्ये ठेवून रुजेलही पण पुढे हेच होणार. पानझडी सूचिपर्णी हवंच असेल तर टॅक्सोडियम शोधा, ते फ्लोरिडा-लुइझियानाच्या दलदलीतलं आहे, उकाडा आणि पाणी दोन्ही सोसतं. लार्च बघायचं असेल तर नोव्हेंबरात सिक्कीमला जा, पैसे साठवून जा पण जा. त्या काकांच्या सांगण्यावरून मी त्याच कुंडीत काटेसावरीचं रोप लावलंय, ती तिच्या वेळेला पानं गाळते, समोर येऊरवरच्या सावरी गाळतात तेव्हाच.

दोन स्टार देतेय, एक पॅकिंगला आणि एक त्या झाडाला. बाकीचे तीन कापले ते माहितीचे. तुमच्या साइटवर डिलिव्हरीसाठी पिनकोड विचारता ना, तोच पिनकोड बघून ४००६०७ टाकणाऱ्याला आधी सांगा की हे झाड तिकडे जगणार नाही.