हिऱ्यावर नेदराइट चढवायचं का?

माइनक्राफ्ट या व्हिडिओ गेममध्ये हिऱ्याचं चिलखत पुरं झालं, वर मनासारखी एन्चांटमेंट्सही (जादूचे गुण) बसली, की पुढचा प्रश्न ठरलेला: आता नेदराइट (हिऱ्याच्या वरचा धातू) करायचं की आहे त्यावरच भागवायचं? मी आणि माझी भाची एकाच वर्ल्डमध्ये खेळतो. तिने डोक्यापासून पायापर्यंत सगळं नेदराइट केलंय, मी नाही. त्यामुळे दोन्ही प्रकार रोज शेजारी शेजारी दिसतात.

नुसते आकडे बघाल तर नेदराइटच घ्याल. पण प्रोटेक्शन ४ (मार कमी करणारं) आणि मेंडिंग (झीज भरून काढणारं) ही एन्चांटमेंट्स लावलेलं हिऱ्याचं चिलखत घालून मी तिच्याबरोबरीने मार खातो आणि जवळपास तिच्याइतकाच तगतो. पिकॅक्सचा टिकाऊपणा १,५६१ (हिरा) की २,०३१ (नेदराइट), हा हिशेब मेंडिंग आल्यावर कोण करतं? खेळताना मला जाणवलेला फरक म्हणजे धक्का. नेदरमधल्या (गेममधलं लाव्हाने भरलेलं दुसरं जग) अरुंद पुलावर स्केलेटनचा बाण लागला की मी कडेला जातो, ती मात्र फारशी हलत नाही. हे मान्य करायलाच हवं.

नेदराइट ज्यापासून बनतं ती एन्शंट डेब्री शोधायचा अनेकांना कंटाळा येतो. मला ते काम उलट आवडतं. वाय १५ (म्हणजे उंची) च्या पातळीवर बोगदा काढायचा, टोकाला बेड ठेवायचा, मध्ये एक ठोकळा आडोशाला, आणि झोपायला जायचं. नेदरमध्ये बेड फुटतो, भोवतालचा नेदररॅक (तिथला मऊ दगड) उडतो आणि डेब्री मात्र जागच्या जागी राहते. चार डेब्री वितळवून स्क्रॅप, त्यात चार सोन्याच्या विटा, की एक नेदराइटची वीट. चिलखताला अशा चार. एक सुट्टीची दुपार पुरते.

माझं घोडं अडलं ते टेम्प्लेटपाशी. २०२० मध्ये १.१६ बरोबर नेदराइट आलं तेव्हा स्मिथिंग टेबलावर हिऱ्याची वस्तू आणि वीट ठेवली की काम झालं. २०२३ च्या १.२० पासून प्रत्येक वस्तूमागे एक अपग्रेड टेम्प्लेट खर्ची पडतो. तो मिळतो बास्टियनमध्ये, म्हणजे नेदरमधल्या पिग्लिनांच्या पडक्या गढीत. अंगावर सोनं घातलं की साधे पिग्लिन (डुकरासारखे जीव) गप्प बसतात, पण त्यांच्यादेखत पेटी उघडली की उठतात, आणि त्यांच्यातल्या दांडग्या ब्रूटला तर सोन्याचंही कौतुक नाही. मी दोनदा मेलो आणि तिसऱ्या खेपेला एक टेम्प्लेट घेऊन आलो. एक! बाकीचे नक्कल करून घ्यायचे, तर दर नकलेला सात हिरे आणि एक नेदररॅक. चिलखताच्या चार नगांसाठी तीन नकला, म्हणजे २१ हिरे. हिऱ्याचं अख्खं चिलखत २४ हिऱ्यांत होतं! आहे त्यावर मुलामा द्यायला जवळजवळ दुसरं चिलखत मोडायचं, हे माझ्या मनाला काही पटेना. भाचीच्या मते हा माझा कंजूषपणा आहे. असेलही.

नेदराइट लाव्हात जळत नाही, हा त्याचा सर्वात मोठा गुण म्हणून सांगतात. खरंच जळत नाही, वर तरंगतं. पण भाची एकदा लाव्हाच्या तळ्यात पडून मेली तेव्हा तिचं सगळं सामान आम्ही काठावरून नुसतं बघत उभे होतो. फायर रेझिस्टन्सची (आगीपासून वाचवणाऱ्या काढ्याची) बाटली दोघांकडेही नव्हती. पाच मिनिटांनी ते दिसेनासं झालं. बाटली जवळ ठेवायची शिस्त असेल तरच या गुणाचा उपयोग. हार्डकोर (एकदा मेलं की खेळ संपला) खेळत असाल किंवा मित्रांशी तलवारीने भिडत असाल, तर माझं ऐकू नका, नेदराइटच करा.

बाकीच्यांनी मात्र पहिला टेम्प्लेट पिकॅक्सला द्यावा असं मला वाटतं. लाव्हाच्या तोंडाशी तीच सर्वात जास्त असते, आणि एका नगाला नक्कल लागत नाही. चिलखताची घाई नाही. नंतर कधी अपग्रेड केलं तरी एन्चांटमेंट्स तशाच राहतात. मला परवा दुसरा टेम्प्लेट मिळाला. चेस्टप्लेटला लाव म्हणून भाची मागे लागली आहे. मी तो पेटीत ठेवलाय. फार तर फावड्याला लावीन.