कलावंताचा डबा, निव्वळ वजन ३० ग्रॅम

इटालियन कलावंत पिएरो मान्झोनी यांनी १९६१ मध्ये काढलेल्या ९० डब्यांचे ग्राहकाच्या नजरेने परीक्षण करायचे, तर ते वेष्टनापुरतेच करावे लागते, कारण त्यापलीकडे जाण्याची सोय या मालात नाही. जेमतेम पाच सेंटिमीटर उंचीच्या या सीलबंद पत्र्याच्या डब्यावरील कागदी पट्टीवर इटालियन, इंग्रजी, फ्रेंच आणि जर्मन अशा चार भाषांत छापले आहे: कलावंताची विष्ठा, निव्वळ वजन ३० ग्रॅम, ताजी असतानाच जतन केलेली, मे १९६१ मध्ये तयार करून डबाबंद. झाकणावर क्रमांक आणि सही आहे. शाकाहारी-मांसाहारीचा ठिपका तेवढा नाही.

किंमत वजनास वजन, त्या दिवशीच्या सोन्याच्या भावाने. आपल्या सराफी हिशेबात तीन तोळे. दागिन्यावर घडणावळ वेगळी लावतात, येथे घडणावळ हाच माल आहे. लंडनच्या टेट संग्रहालयाने २००० साली चौथा डबा २२,३०० पौंडांना घेतला आणि २०१६ मध्ये मिलानच्या लिलावात ६९ क्रमांकाच्या डब्याला २,७५,००० युरो मिळाले. सोने काही इतके चढले नाही.

आत नेमके काय, यावर मतभेद आहेत. मान्झोनींचे मित्र, चित्रकार अगोस्तिनो बोनालुमी यांनी २००७ मध्ये आत केवळ प्लास्टर असल्याचे सांगितले. बर्नार बाझिल या फ्रेंच कलावंताने १९८९ मध्ये एक डबा उघडला, तर आतून आणखी एक डबा निघाला. फसवणुकीची तक्रार करायची तर पुरावा म्हणून डबा फोडावा लागेल, आणि फोडला की नुकसान तक्रारदाराचेच.

मान्झोनींनी याआधी उकडलेल्या अंड्यांवर अंगठा उमटवून ती प्रेक्षकांना खाऊ घातली होती, आणि जिवंत माणसांवर सही करून त्यांना कलाकृती असल्याचे प्रमाणपत्रही दिले होते. त्यावर लाल तिकीट असल्यास माणूस मरेपर्यंत सबंध कलाकृती, पिवळे असल्यास केवळ सही झालेला अवयव. तरीही मला डबाच सरस वाटतो. कलावंताने निर्मितीत स्वतःला ओतावे, असा आग्रह धरणाऱ्या रसिकाला त्याच्याच देहातले, क्रमांक घातलेले आणि सही केलेले याहून अस्सल काय द्यायचे?

मान्झोनी १९६३ मध्ये, वयाच्या २९ व्या वर्षी वारले, त्यामुळे नवा साठा येणार नाही. माझ्याकडून पाचपैकी चार तारे. पाचवा माल पाहिल्याशिवाय देता येत नाही.