‘तीसपट’ लिहिलेले दहापट भिंग आणि माळावरचा ठिपकेदार पतंग

गेल्या पावसाळ्याच्या तोंडावर मी पुण्याच्या रविवार पेठेतील एका सराफी हत्यारांच्या दुकानातून साडेचारशे रुपयांना घडीचे हातभिंग घेतले. सासवडच्या पुढे माळावर फिरताना पावलागणिक गवतातून उडणारा आणि चार हातांवर पुन्हा बुडी मारणारा, दुधी पंखांवर काळे-तांबडे ठिपके असलेला एक लहानसा पतंग दिसतो; त्याचे नाव पक्के करावे, एवढाच हेतू होता. ते काम या भिंगाने केले नाही. मात्र जे काम मी त्याला सांगितलेच नव्हते, ते उत्तम केले.

आधी वस्तूविषयी. दांडीवर ‘३०’ हा आकडा कोरलेला आहे आणि तो खोटा आहे. घरी दूरच्या खिडकीची प्रतिमा कागदावर स्वच्छ पडेपर्यंत भिंग पुढे-मागे करून अंतर मोजले, तेव्हा ते सुमारे २५ मिलिमीटर भरले; २५० ला (उघड्या डोळ्यांनी बारकाईने पाहण्याचे नेहमीचे अंतर, मिलिमीटरमध्ये) या अंतराने भागले की भिंगाची खरी पट मिळते, म्हणजे हे भिंग दहापट आहे. दुकानदाराला हे सांगितल्यावर त्याने ‘सगळी अशीच येतात’ म्हणून हात झटकले. फसवणूक झाली खरी, पण ती माझ्या पथ्यावर पडली, कारण खरोखरीच्या तीसपट भिंगाला पान जेमतेम आठ मिलिमीटरवर धरावे लागले असते, आणि वाऱ्यावर हलणाऱ्या झुडपाशी तो खेळ कोणालाही जमणार नाही. काच चांगली आहे. कडेला किंचित निळी झाक येते, मधला भाग निर्मळ राहतो.

हा पतंग यूटेथाइसा या प्रजातीतला, हे ओळखायला भिंगाचीही गरज नाही: बसताना तो पंख अंगाभोवती गुंडाळून घेतो आणि वाळल्या काडीसारखा दिसतो, तर उडाला की मागच्या पांढऱ्या पंखांची वेडीवाकडी काळी किनार चमकते. पण आपल्याकडे यूटेथाइसा पुल्केला आणि यूटेथाइसा लोट्रिक्स ही जवळपास सारखी दिसणारी भावंडे आहेत आणि त्यांचा निवाडा करायला नराची जननांगे सूक्ष्मदर्शकाखाली तपासावी लागतात. पारदर्शक डबीत पतंग ठेवून मी ठिपके मोजत बसलो, त्यातून हाती काही लागले नाही. दहापट भिंगाखाली पंखांवरचे खवले रांगोळीच्या दाण्यांसारखे दिसतात, हे पाहण्याचे सुख तेवढे मिळाले.

भिंगाचे पैसे वसूल झाले ते खुळखुळ्याच्या झुडपापाशी. खुळखुळा, हिरवळीच्या खतासाठी पेरला जाणारा ताग आणि ओढ्याकाठची भुरुंडी ही या पतंगाच्या सुरवंटांची खाद्यवनस्पती असून तागाच्या पिकावर ते कीड म्हणूनच ओळखले जातात. पानावरची अंडी नुसत्या डोळ्यांना खसखशीएवढी वाटतात; भिंगाखाली मात्र ती फिकट मोत्यांसारखी उठून दिसतात, आणि फुटण्याच्या आदल्या दिवशी प्रत्येक कवचातून आतल्या अळीचे काळे डोके दिसू लागते. पुढे काळपट अंगावर पांढऱ्या रेघा आणि नारिंगी ठिपके असलेला केसाळ सुरवंट तयार होतो. तो शेंगेला भोक पाडून आतल्या बिया खातो. भोकाच्या काठावर चिकटलेली विष्ठेची बारीक गोळी भिंगाने दिसली की शेंग न फोडताच आतला रहिवासी कळतो. घरी बरणीत वाढवलेले सुरवंट जवळपास तीन आठवडे खात राहिले, मग तळाच्या पाचोळ्यात विरळ रेशमात कोष करून बसले आणि नवव्या-दहाव्या दिवशी पतंग बाहेर आले.

या झाडांतील पायरोलिझिडीन अल्कलॉइडे, म्हणजे भक्षकांना नकोशी वाटणारी विषारी द्रव्ये, सुरवंट अंगात साठवतात आणि ती पतंगातही उतरतात. दिवसाढवळ्या असे भडक रंग मिरवणे त्याला म्हणूनच परवडते. अमेरिकेतील यूटेथाइसा ऑर्नाट्रिक्स या त्याच्या भाईबंदावर कॉर्नेल विद्यापीठातील थॉमस आयझ्नर यांनी काम केले आहे. जाळ्यात अडकलेला असा पतंग कोळी स्वतः धागे तोडून सोडून देतो आणि नर मीलनाच्या वेळी मादीला दिलेल्या अल्कलॉइडांचा वाटा अंड्यांपर्यंत पोहोचतो, हे त्यांनी दाखवले.

तक्रारी दोन. दांडीचा स्क्रू पंधरा दिवसांत सैल झाला, तो नखपॉलिशचा थेंब टाकून बसवावा लागला. दुसरे म्हणजे भिंगाला दोरी ओवायला भोकच नाही, त्यामुळे एकदा ते गवतात पडले आणि अर्धा तास शोधण्यात गेला. घ्यायला जाणाऱ्याने खिशात एक पट्टी ठेवावी आणि भिंगाचे अंतर दुकानातच मोजून पाहावे. कोरलेल्या आकड्यावरून किंमत ठरवू देऊ नये.