माले ते मामिगिली: गासिम यांच्या धावपट्टीवरून

मालदीवमध्ये दक्षिण आरी अटॉलला, म्हणजे प्रवाळबेटांच्या त्या कड्याला जायचं आहे, सोबत वयस्कर माणूस आहे आणि वाऱ्यापावसाचे दिवस आहेत, तर स्पीडबोटीचा विचार सोडा आणि तिथल्या मामिगिली बेटाचं विमान धरा. मी मालेत गणित शिकवते, आईला घेऊन या मार्गाने गेले आणि पुढच्या वेळीही असंच जाणार. मालेपासून मामिगिली सुमारे १०० किलोमीटर, नैऋत्येला. इथले लोक ज्याला हुळंगू म्हणतात त्या मोसमात, साधारण मे ते नोव्हेंबर, मोकळ्या समुद्रात बोट अक्षरशः आपटत जाते. दुसऱ्या एका अटॉलला बोटीने जाताना आईने ते सोसलं होतं. दोन दिवस तिची कंबर धरली होती.

वेलाना विमानतळ मालेच्या शेजारच्या हुळुले बेटावर आहे. २०१८ साली पूल झाल्यापासून टॅक्सीने थेट पोहोचता येतं, पूर्वीसारखं सामान धोणीत (इथल्या होडीत) चढवावं-उतरवावं लागत नाही. देशांतर्गत टर्मिनल वेगळं आहे, हे आधी सांगून ठेवते, कारण नवखे प्रवासी हमखास आंतरराष्ट्रीय रांगेत जाऊन उभे राहतात. या मार्गावरच्या फ्लायमी कंपनीची (आताचं नाव विला एअर) विमानं एटीआर, म्हणजे पंख्यांची, दोन्ही बाजूंना दोन-दोन आसनांची. दार मागच्या बाजूला, जिना बुटका, मोजक्या पायऱ्यांचा. आईचे गुडघे दुखतात, तरी ती कठडा धरून एकटी चढली. जागा निवडायला मिळाली तर मागची घ्या: चढायला-उतरायला जवळ, आणि पंख्यांचा आवाज पुढच्यापेक्षा कमी. या विमानाचे पंख छताला जोडलेले असतात, त्यामुळे खाली बघायला काही आड येत नाही. निळ्याशार पाण्यात हिरवट कडा असलेली वलयं एकामागून एक सरकत जातात. आईने वीस-पंचवीस मिनिटं खिडकीवरून नजर हलवली नाही. उतरल्यावर तिचा पहिला प्रश्न होता, "एवढ्याशा बेटावर एवढा विमानतळ बांधला कोणी?"

तो बांधला गासिम इब्राहिम यांनी. आणि या सेवेबद्दल लिहायचं तर या माणसाबद्दल लिहावंच लागतं.

गासिम यांचा जन्म १९५१चा, मामिगिलीचाच, गरीब घरातला. मालेला येऊन त्यांनी सरकारी रुग्णालयात कारकुनी केली, मग व्यापारात उतरले. बाहेरून माल आणायचा आणि बेटाबेटांवर पोहोचवायचा, या धंद्यातून विला शिपिंग अँड ट्रेडिंग उभी राहिली. मालदीवमध्ये पर्यटन सुरू झालं १९७२ साली, कुरुंबा बेटावरच्या पहिल्या रिसॉर्टपासून. पुढच्या दोन-अडीच दशकांत ज्या स्थानिक व्यापाऱ्यांनी बेटं भाड्याने घेऊन रिसॉर्ट उभारले, त्यांत गासिम आघाडीवर होते: पॅराडाइज आयलंड, हॉलिडे आयलंड, रॉयल आयलंड आणि मामिगिलीच्या शेजारचा प्रचंड मोठा सन आयलंड. इंधन, गॅस यांतही विला आहे. २००७ साली विला कॉलेज सुरू झालं. मी शिक्षिका आहे, म्हणून हे मला विमानतळाइतकंच मोठं वाटतं. इथे शिकायचं म्हणजे परदेशी जायचं, असं वर्षानुवर्षं चालत आलं होतं. मालेत राहून पदवी घेता येणं यातून किती मुलींच्या आयुष्याची वाट बदलली असेल, हे वर्गात उभं राहणाऱ्याला कळतं.

विमानतळ २०११ साली सुरू झाला. मालदीवमधला हा पहिला खाजगी विमानतळ, आणि त्याच वर्षी विलाची स्वतःची विमानसेवा, फ्लायमी. यात रिसॉर्टचा फायदा उघड आहे. सीप्लेन फक्त दिवसाउजेडी उडतात. संध्याकाळी उशिरा मालेला उतरलेल्या पाहुण्याला एक रात्र तिथेच काढावी लागते. धावपट्टीला दिवे असले की तो प्रश्न मिटतो. पण तीच धावपट्टी मामिगिलीच्या आजारी माणसाला मालेच्या रुग्णालयात वेळेत पोहोचवते आणि परीक्षेला निघालेल्या मुलालाही. आमच्या विमानात पर्यटक होते तसे कुशीत बाळ घेतलेली एक आई होती आणि औषधांची पिशवी मांडीवर धरून बसलेले एक आजोबा होते. टर्मिनल लहान आणि स्वच्छ आहे. सामान लगेच हातात आलं. शेजारच्या धिगुरा बेटावर किंवा रिसॉर्टला जाणाऱ्यांना घ्यायला माणसं आलेली असतात, जेट्टीही जवळ.

आता राजकारण. गासिम २००५ ते २००८ अर्थमंत्री होते, मामून अब्दुल गयूम यांच्या सरकारात. २००८ साली बाहेर पडले, जुमहूरी पक्षाच्या वतीने राष्ट्राध्यक्षपदाला उभे राहिले. जिंकले नाहीत, पण दुसऱ्या फेरीत त्यांनी विरोधी उमेदवार मोहम्मद नशीद यांना पाठिंबा दिला आणि गयूम यांची ३० वर्षांची राजवट संपली. नव्या सरकारात ते गृहमंत्री झाले आणि महिनाही पुरा व्हायच्या आत बाहेर पडले. २०१३ साली पहिल्या फेरीत २४ टक्के मतं घेऊन तिसरे आले, निकालाविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात गेले, ती फेरी रद्द झाली. फेरमतदानातही तिसरेच आले, आणि मग त्यांचा पाठिंबा अब्दुल्ला यामीन यांना गेला. यामीन जिंकले. दोनदा त्यांच्या झुकत्या मापाने राष्ट्राध्यक्ष ठरला, स्वतः मात्र ते त्या खुर्चीत कधी बसले नाहीत.

मग यामीन यांच्याशी फाटलं. २०१५च्या सुरुवातीला गासिम विरोधकांच्या बाजूला गेले आणि सरकारने विलाच्या ताब्यातली काही बेटं परत घेऊन ९ कोटी डॉलरहून जास्त रकमेची मागणी केली. त्याच वर्षी घटनादुरुस्ती झाली, राष्ट्राध्यक्षाचं वय ६५च्या आतच हवं असा नियम आला, आणि पुढच्या निवडणुकीतून गासिम आपोआप बाद झाले. २०१७ साली लाचखोरीच्या खटल्यात त्यांना तीन वर्षं दोन महिन्यांची शिक्षा झाली. ती नंतर वरच्या न्यायालयाने रद्द केली, आणि २०१८च्या अखेरीस तेच मजलिसचे, म्हणजे इथल्या संसदेचे, सभापती झाले.

हे एवढं सविस्तर लिहिलं, कारण यातच या सेवेचं बळ आहे आणि तिचा धोकाही. स्वतःच्या गावाला धावपट्टी हवी म्हणून सरकारची वाट न बघता ती बांधणारा माणूस मला मनापासून थोर वाटतो. इतक्या विखुरलेल्या देशात हे लहान काम नाही. पण या देशात रिसॉर्टचं बेट सरकारकडून भाड्याने मिळतं, आणि ज्याच्याकडे अनेक बेटं आहेत तो राजकारणात उतरला की त्याचा धंदा सरकारच्या मुठीत असतो. त्याने बाजू बदलली की नोटीस येते. त्या नोटिशीची झळ मालकाला लागते, तशी त्याच्या विमानाने जाणाऱ्या त्या औषधांच्या पिशवीवाल्या आजोबांनाही लागू शकते. गावाचा रस्ता एका माणसाच्या नशिबाला बांधलेला नसावा, असं मला फार वाटतं. मामिगिलीच्या मतदारांनी गासिम यांना पुन्हा पुन्हा मजलिसमध्ये पाठवलं, यात मला नवल वाटत नाही. मीही तेच केलं असतं.

बेटावर राहायचं असेल तर गेस्टहाउस आहेत. वस्तीचं बेट आहे, त्यामुळे दारू मिळत नाही, पोहण्याचे कपडे फक्त पर्यटकांसाठी राखलेल्या किनाऱ्यावर चालतात. आम्हाला काहीच अडचण वाटली नाही. सकाळी गरम रोशी (इथली पोळी) आणि मसहुनी: ट्यूना, ओलं नारळ, कांदा, मिरची आणि लिंबू. आई शाकाहारी, तिच्यासाठी घरातल्या बाईंनी ट्यूना वगळून वेगळं कालवलं, न सांगता. बाहेरच्या प्रवाळकड्याजवळ व्हेल शार्क नावाचे अवाढव्य शार्क वर्षभर दिसतात. २००९ पासून तो पट्टा संरक्षित आहे. बोटवाला प्राण्यापासून अंतर राखतो का, हे आधी विचारा. अंगावर उड्या मारायला लावणाऱ्याबरोबर जाऊ नका.

पाचपैकी चार देते. एक गुण राखला तो वर सांगितलेल्या कारणासाठी, सेवेत खोट म्हणून नाही. तिकीट लवकर काढा, शाळांच्या सुट्ट्यांत स्थानिक माणसंच जागा भरून टाकतात. इथे काम करत असाल तर वर्क परमिटचं कार्ड जवळ ठेवा आणि रुफियातला (इथल्या चलनातला) दर लागू होतो का ते खिडकीवर विचारून घ्या. परतीचं विमान आणि पुढचं आंतरराष्ट्रीय विमान यांत अर्धा दिवस तरी मोकळा सोडा.