2,400 किलो कंपाउंडमध्ये 618 किलो खडू: रेडी-मिक्स रबर घेणाऱ्यांनी वाचावंच

ऑर्डर 2,400 किलो नायट्राइल कंपाउंडची होती, म्हणजे तेलाला टिकणाऱ्या रबरात बाकी सगळं आधीच मिसळून आलेला, थेट मोल्डमध्ये घालायचा माल. हार्डनेस (कडकपणा) 65 शोअर ए, गरम तेलात बसणाऱ्या गॅस्केटसाठी. त्या मालात 618 किलो खडूची भुकटी निघाली. ज्या 1,408 किलो एनबीआरचे, म्हणजे नायट्राइल रबराचे, पैसे मोजले त्यातलं जेमतेम 721 किलो आलं, आणि जोडीला कोणी न मागितलेलं 309 किलो एसबीआर, म्हणजे तेलात न टिकणारं दुसरं रबर. रबर धंद्यात असून असं फसलो हे लिहायला लाज वाटते. तरीही लिहितोय, कारण हाच खेळ आज दुसऱ्या कुठल्या तरी मोल्डिंग प्रेसवर चालू असणार.

पद्धत सगळ्यांना ठाऊक आहे: नमुना एक, माल दुसरा. ट्रायलसाठी आलेलं 25 किलो अगदी शुद्ध होतं. ठरलेला फॉर्म्युला, शंभर भाग रबरामागे वजनाच्या भागांत, असा: 33 टक्के ॲक्रिलोनायट्राइलचं (तेलाला टिकवणारा घटक) एनबीआर 100, एन550 ब्लॅक (कार्बनची काजळी) 50, डीओपी (मऊ करणारं तेल) 10, झिंक ऑक्साइड 5, स्टिअरिक ॲसिड 1, टीएमक्यू (रबर लवकर जुनं होऊ न देणारं) 1.5, गंधक 1.5, ॲक्सिलरेटर (क्युअरिंग, म्हणजे उष्णतेत रबर पक्कं होणं, वेगाने करणारं) 1.5. बेरीज 170.5, ग्रॅव्हिटी (पाण्याच्या तुलनेत घनता) 1.17. प्रत्यक्ष लॉटमध्ये शंभर भाग रबरातलं 70 एनबीआर आणि 30 एसबीआर, ब्लॅक 45, खडू 60, तेल दुप्पट म्हणजे 20, झिंक 5 वरून 3. बेरीज 233 वर गेली आणि ग्रॅव्हिटी 1.33 वर.

आता कोणी म्हणेल, आल्या आल्या तपासलं का नाही? तपासलं होतं. हार्डनेस 65 आला. क्युअरचा वेग मोजणाऱ्या रिओमीटरवर 170 अंशाला टीएस2 आणि टी90, म्हणजे क्युअर सुरू होण्याची आणि 90 टक्के होण्याची वेळ, दोन्ही ट्रायलच्या ग्राफला धरून होते. बहुतेक कारखान्यांत आवक माल याच दोन चाचण्यांवर पास होतो आणि फसवणाऱ्याला हे पक्कं माहीत असतं. हार्डनेस जुळवणं हा साधा हिशोब आहे. एन550 चे साधारण दोन भाग एक पॉइंट चढवतात, तेलाचे दोन भाग एक पॉइंट उतरवतात आणि खडूचे सहा-सात भाग लागतात तेव्हा कुठे एक पॉइंट चढतो. 60 भाग खडूने नऊ-दहा पॉइंट वाढले, वाढीव 10 भाग तेलाने पाच खाल्ले, ब्लॅक 5 भाग कमी केल्याने आणखी अडीच गेले, थोडं मऊ एसबीआरने सांभाळलं. काटा पुन्हा 65 वर. रिओमीटरचंही तेच. खडू क्युअरिंगमध्ये ढवळाढवळ करत नाही आणि एसबीआरमुळे मंदावलेला वेग ॲक्सिलरेटर वाढवून आणता येतो. रिओमीटर क्युअर कसा होतो ते दाखवतो, पोटात काय आहे ते नाही. नुसत्या हार्डनेसवर आणि ग्राफवर माल उतरवून घेऊ नका.

सप्लायरच्या बॅच प्रमाणपत्रांनी तर कहर केला. एकूण 40 बॅच, प्रत्येकी 60 किलो, आणि प्रत्येक कागदावर ग्रॅव्हिटी 1.17, टेन्साइल (ताणून तुटण्याची ताकद) 16.2, मूनी (कच्च्या कंपाउंडचा घट्टपणा) दशांशापर्यंत तोच. खऱ्या मिक्सिंगमध्ये दोन बॅचचा मूनी असा कधीच जुळत नाही. मिसळणाऱ्या यंत्राचं, म्हणजे नीडरचं तापमान, ब्लॅक पडण्याची वेळ, मिलवर किती फिरवलं, या सगळ्याने आकडा दोन-चार पॉइंट इकडे-तिकडे होतोच. सगळ्या बॅचना एकच आकडा असेल तर ते मोजमाप नसतं, झेरॉक्स असते.

सगळ्यात जास्त जळफळाट होतो तो ब्लँकच्या, म्हणजे मोल्डमध्ये ठेवायच्या कच्च्या तुकड्याच्या, रजिस्टरमुळे. गॅस्केटचा मोल्ड 40 घन सेंटिमीटरचा. शुद्ध कंपाउंडमध्ये पीस 46.8 ग्रॅमचा होतो, फ्लॅश (मोल्डबाहेर सांडणारं जादा रबर) धरून ब्लँक 50 ग्रॅमचा. नव्या लॉटवर पहिल्याच शिफ्टला मोल्ड भरेना, कोपरे गोल राहू लागले. टेंपरेचर पाहिलं, प्रेशर पाहिलं, व्हेंट साफ केले, स्कॉर्चची (वेळेआधीच क्युअर होण्याची) शंका घेतली. अर्धवट भरण्याला दहा कारणं असतात आणि ती सगळी प्रेसवरची असतात, त्यामुळे कोणीही आधी तिथेच शोधणार. शेवटी शिफ्टवाल्याने ब्लँक वाढवला. रजिस्टरमध्ये 50 वर काट मारून शेजारी 57 लिहिलं, आणि काम सुरळीत चालू झालं.

त्या काटेत सगळं होतं. मोल्डला वजन कळत नाही, त्याला फक्त आकारमान कळतं. 50 ग्रॅम भागिले 1.17 म्हणजे 42.7 घन सेंटिमीटर. तेवढीच जागा भरायला 57 ग्रॅम लागत असतील तर ग्रॅव्हिटी 57 गुणिले 1.17 भागिले 50, म्हणजे 1.33. ना लॅब लागत होती ना मशीन. ब्लँकचं वजन न सांगता पाच टक्क्यांच्या वर वाढलं की त्याच क्षणी लॉट थांबवा. प्रेसला दोष नंतर द्या.

किलोवर घेतलेलं जड कंपाउंड स्वस्तही पडत नाही. 1.17 ला 2,400 किलो म्हणजे 2,051 लिटर, 1.33 ला 1,805 लिटरच. 246 लिटर रबर आलंच नाही. फ्लॅश धरूनही साडेपाच हजारांहून जास्त पीस इथेच बुडाले. दर पाहताना किलोच्या दराला ग्रॅव्हिटीने गुणा आणि लिटरचा दर काढा, मग कोण स्वस्त ते ठरवा.

दारावरची चाचणी दहा मिनिटांची आहे. मीठ विरघळायचं थांबेपर्यंत पाण्यात घाला, 100 ग्रॅम पाण्याला सुमारे 36 ग्रॅम लागतं. या पाण्याची घनता 1.20 च्या आसपास येते. कंपाउंडचं छोटं बटण क्युअर करून त्यात टाका. कच्चा तुकडा नको, त्यात हवा असते. साबणाचा एक थेंब टाका म्हणजे बुडबुडे चिकटत नाहीत. 1.17 चं बटण वर येऊन तरंगतं, 1.33 चं दगडासारखं तळाला बसतं. नेमका आकडा हवा असेल तर तुकडा हवेत तोला, मग दोऱ्याने टांगून पाण्यात तोला. हवेत 26.6 ग्रॅम आणि पाण्यात 6.6 असेल, तर 26.6 भागिले 20, म्हणजे 1.33.

त्यानंतर राख. क्रुसिबलमध्ये वजन केलेला तुकडा 550 अंशावर, वजन स्थिर होईपर्यंत जाळायचा. शुद्ध कंपाउंडमध्ये फक्त झिंक ऑक्साइड उरतं, 3 टक्क्यांच्या आत. आमच्या लॉटची राख 27 टक्के निघाली. क्रुसिबल थंड झाल्यावर त्यात पातळ हायड्रोक्लोरिक ॲसिडचे चार थेंब सोडले तर राख फसफसून वर आली. झिंक ऑक्साइड गुपचूप विरघळतं, फेस येतो तो कार्बोनेटचा. फेस आला नाही म्हणून निश्चिंत मात्र होऊ नका. चायना क्ले आणि बॅराइट हे दुसरे भराव फसफसत नाहीत, ॲसिडमध्ये तळाशी तसेच पडून राहतात.

तापमान रिपोर्टवर लिहून घ्या. सप्लायरने नाचवलेल्या रिपोर्टमध्ये राख 16 टक्के होती, आणि ती 950 अंशावर काढलेली होती. तेवढ्या उष्णतेत खडूतला कार्बन डायऑक्साइड उडून जातो आणि खडूचं 44 टक्के वजन नाहीसं होतं. उरलेले 16 टक्के म्हणे "ब्लॅकची राख". एन550 मध्ये राख एक टक्काही नसते.

एसबीआरची भेसळ ग्रॅव्हिटीवर पकडता येत नाही, एनबीआर 0.98 आणि एसबीआर 0.94 इतकी जवळ आहेत. ती तेलात पकडली जाते. आयआरएम 903 या चाचणीच्या ठरावीक तेलात 100 अंशाला 70 तास ठेवलेला तुकडा 46 टक्के फुगला, मर्यादा 20 ची होती. 100 अंशाला 22 तासांचा कॉम्प्रेशन सेट (दाब काढल्यावर परत न येणारा भाग) 54 टक्के, हवा होता 25. खात्री नायट्रोजनने झाली, तो एनबीआरमध्ये असतो, एसबीआरमध्ये नाही: ॲसिटोनने धुतलेल्या नमुन्यात, मूळ वजनावर, सुमारे 5.1 टक्के यायला हवा तिथे 2.6. नुसत्या ॲसिटोन एक्स्ट्रॅक्टवर (ॲसिटोनमध्ये धुऊन निघणारा तेलासारखा भाग) विसंबू नका. तेल दुप्पट करूनही तो साडेसात टक्क्यांवरून फक्त दहावर गेला, कारण बॅचचं वजनच खडूने वाढवलं होतं.

एवढे आकडे घेऊन दाद मागायला गेलं की काय होतं? पोलीस म्हणाले, हा मालाच्या दर्जाचा वाद आहे, दिवाणी कोर्टात जा. तक्रार घेणाऱ्या अधिकाऱ्याने विचारलं, "रबरच आलं ना? मग फसवणूक कुठे?" 618 किलो खडू रबराच्या भावाने विकला तरी ती फसवणूक नाही! ज्या संस्थेने सप्लायरला गुणवत्तेचं प्रमाणपत्र दिलं होतं तिचं उत्तर आलं की आम्ही व्यवस्था प्रमाणित करतो, माल नाही. मग ते प्रमाणपत्र बिलावर ठळक छापू कशाला देता? लॅबच्या रिपोर्टखाली ओळ होती, निष्कर्ष फक्त आलेल्या नमुन्यापुरते. त्या एका ओळीवर सप्लायर सुटला: नमुना तुम्हीच काढलात, आमचाच कशावरून? व्यापारी संघटनेने पत्राची पोचही दिली नाही. ज्याच्याकडे जावं तो दुसऱ्याचं दार दाखवतो, आणि सप्लायर या काळात नवा माल विकत असतो.

म्हणून लॉट उतरतानाच, दोन्ही बाजूंच्या माणसांसमोर, किमान तीन बॅचमधून नमुने काढा. प्रत्येकाचे तीन भाग करा, सील करा, सह्या घ्या: एक तुमचा, एक त्यांचा, एक वादासाठी. कच्चं कंपाउंड पडून जुनं होतं, म्हणून त्याच दिवशी प्रत्येकाची एक क्युअर केलेली शीटही सील करून ठेवा. ऑर्डरमध्ये "65 शोअर नायट्राइल" एवढंच लिहिलंत तर त्या चौकटीत काहीही बसतं. ग्रॅव्हिटी 1.17 अधिक-उणे 0.02, 550 अंशाची राख 4 टक्क्यांच्या आत, आयआरएम 903 मधली फुगण्याची मर्यादा आणि किमान रबराचं प्रमाण हे आकडे ऑर्डरवर हवेतच.

आणि सप्लायर "माल बदलून देतो" म्हणाला तरी सगळा लॉट लगेच परत देऊ नका. दोन किलो सीलबंद ठेवा, परतीच्या चलनावर 40 च्या 40 बॅच नंबर आणि मोजलेली ग्रॅव्हिटी लिहा आणि त्याखाली त्याची सही घ्या. गाडी गेटबाहेर पडल्यावर ती सही मिळत नाही.